पिग्मीवाल्याची फाइल

गावात मला अजूनही पिग्मीवालाच म्हणतात. पिग्मी बंद होऊन पंधरा वर्षं उलटून गेली. आता तहसील कचेरीसमोर माझं झेरॉक्सचं दुकान आहे, पण हाक येते ती 'ओ पिग्मीवाले' अशीच. कुणी सवयीने म्हणतं, कुणी रागाने. मी दोघांनाही ओ देतो.

जळगाव जिल्ह्यातलं आमचं तालुक्याचं गाव. दुपारी चार वाजले की रेक्झिनची बॅग खांद्याला लावायची आणि पतसंस्थेसाठी पिग्मी, म्हणजे रोजची छोटी ठेव, गोळा करायला निघायचं. बसस्टँडवरची पानटपरी, दोन सलून, सायकलवाला, चपलांची दुकानं, आणि शेवटी भाजीबाजार. तिथे गोणपाटावर मेथी-कोथिंबिरीच्या जुड्या मांडून आक्का बसलेल्या असायच्या. मला पाहिलं की पदराची गाठ सोडायच्या आणि तीस रुपये मोजून द्यायच्या. नाणी बहुतेक ओली असायची; जुड्यांवर शिंपडलेलं पाणी हातावरून नाण्यांवर उतरायचं. मी कार्डावर आकडा टाकून सही करायचो. वर्षाचे 10,950 रुपये. वर्ष भरलं की त्यातले दहा हजार 'दामदुप्पट'मध्ये ठेवा, असं मीच सांगायचो. आठ वर्षांत आठ पावत्या झाल्या, म्हणजे ऐंशी हजार. मला शंभरामागे तीन रुपये कमिशन मिळायचं.

जुलै 2008 मधल्या एका सोमवारी पतसंस्थेचं शटर उघडलंच नाही. त्यावर कागद चिकटवला होता : 'तांत्रिक कारणास्तव व्यवहार दोन दिवस बंद राहतील.' पुढे ते शटर उघडलं ते पंचनाम्यासाठीच.

त्या संध्याकाळी आक्का माझ्या दारात आल्या. ओरडल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "भाऊ, मला तुझी संस्था ठाऊक नाही, तू ठाऊक आहेस. माझे पैसे कुठं आहेत ते तू सांग." माझ्या बायकोच्या चाळीस हजारांच्या पावत्याही तिथेच अडकल्या होत्या, पण ते सांगायची ती वेळ नव्हती. दुसऱ्या दिवशी मी एक फाइल विकत आणली आणि तिच्यावर आक्कांच्या खात्याचा नंबर लिहिला.

मी वकील नाही. पण त्या फाइलमागे फिरताना ग्राहक मंच, उपनिबंधकांचं कार्यालय, तहसील, राज्य आयोगाचं खंडपीठ अशा पायऱ्या झिजवल्या. त्यातून एक गोष्ट पक्की कळली. पतसंस्था बुडाली की ठेवीदाराला एक नाही, चार-पाच दारं असतात. एका दाराशी तुमचं येणं किती ते ठरतं, दुसऱ्याशी ते कुणी द्यायचं ते ठरतं, तिसऱ्याशी मालमत्ता अडवून ठेवता येते आणि चौथ्याशी प्रत्यक्ष वाटप होतं. आम्ही सुरुवातीला एकाच दाराशी रांग लावून बसलो. ही चूक कुणी पुन्हा करू नये, म्हणून हे लिहितोय.

पाटी नीट वाचा

सगळ्यात आधी संस्थेची पाटी वाचायची. 'सहकारी बँक', 'सहकारी पतसंस्था' आणि 'मल्टिस्टेट' ही तीन वेगळी घराणी आहेत. आमच्या भाजीबाजारात तिघींनाही लोक 'बँक'च म्हणायचे, आणि मीही कधी कुणाला दुरुस्त केलं नाही.

सहकारी बँकेला रिझर्व्ह बँकेचा परवाना असतो आणि तिच्या ठेवींना विमा असतो. हा विमा 1993 पासून एक लाखाचा होता, 4 फेब्रुवारी 2020 पासून पाच लाखांचा झाला. सप्टेंबर 2019 मध्ये पीएमसी बँकेवर निर्बंध आले, तेव्हा सुरुवातीला खातेदाराला हजारच रुपये काढता येत होते. त्या प्रकरणानंतर 2021 मध्ये कायदा बदलला. आता बँकेवर असे निर्बंध आले, तर विम्याची रक्कम 90 दिवसांच्या आत ठेवीदाराच्या हाती पडावी, अशी तरतूद आहे. पुण्याच्या रुपी बँकेच्या खातेदारांनी 2013 पासून निर्बंध सोसले आणि 2022 मध्ये बँकेचा परवाना रद्द झाला; पण विम्यामुळे लहान ठेवीदारांना आधार तरी मिळाला.

पतसंस्थेच्या ठेवीला हा विमा नाही. तिची नोंदणी महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 खाली होते आणि तिच्यावर देखरेख असते ती सहकार खात्याची, म्हणजे तालुक्याचे सहायक निबंधक आणि जिल्ह्याचे उपनिबंधक यांची. उपनिबंधकांच्या कार्यालयाला आमच्याकडे 'डीडीआर ऑफिस' म्हणतात. रिझर्व्ह बँकेला पत्र लिहून तिथे काही हलत नाही. आमच्यातल्या एका निवृत्त गुरुजींनी अशी सहा पत्रं लिहिली होती.

मल्टिस्टेट ही तिसरी जात. तिला 2002 चा केंद्राचा कायदा लागू होतो आणि तिचे निबंधक दिल्लीत बसतात. त्यामुळे 'डीडीआर'कडे गेलात तर ते हात वर करतात, आणि कायद्याने त्यांचं बरोबरही असतं. 2023 मध्ये या कायद्यात दुरुस्ती होऊन सहकार लोकपालाची तरतूद झाली. सभासद आपल्या ठेवींबद्दल तिथे तक्रार करू शकतो आणि तिचा निपटारा तीन महिन्यांत व्हावा, असं कायदा म्हणतो. सहाराच्या चार सहकारी संस्थाही मल्टिस्टेटच. त्यांच्या ठेवीदारांसाठी सर्वोच्च न्यायालयाने मार्च 2023 मध्ये पाच हजार कोटी रुपये वळते करायला सांगितले आणि त्या जुलैत परताव्याचं पोर्टल सुरू झालं. माझ्या दुकानात त्या अर्जांच्या झेरॉक्ससाठी आठवडाभर रांग होती. सुरुवातीला प्रत्येकाला दहा हजारांपर्यंतच रक्कम मिळायची, पुढे ती मर्यादा पन्नास हजार झाली.

ग्राहक मंचातला दिवस

आम्ही पहिलं ठोठावलं ते ग्राहक मंचाचं दार. जानेवारी 2009 मध्ये शंभर रुपयांची पोस्टल ऑर्डर, साध्या कागदावर तक्रार, सोबत प्रतिज्ञापत्र. वकील दिला नाही. आक्कांची प्रतिनिधी म्हणून मला उभं राहायची परवानगी मिळाली. ज्याने पैसे नेले, तोच आता पैसे मागायला उभा, हे पाहून समोरच्या वकिलाला हसू आलं.

त्याचा पहिलाच मुद्दा ऐकून मात्र माझं तोंड उतरलं. त्याने आक्कांच्या अंगठ्याचा एक फॉर्म काढला. नाममात्र सभासदत्वाचा. ठेव ठेवताना दहा रुपये घेऊन तो सगळ्यांकडून भरून घेतला जायचा. आक्कांचा अंगठा मीच घेतला होता. वकील म्हणाला, या बाई ग्राहक नाहीत, सभासद आहेत. सभासद आणि संस्था यांच्यातला वाद कलम 91 प्रमाणे सहकार न्यायालयात जायला हवा, मंचाला अधिकार नाही.

हा मुद्दा आजही पतसंस्थांकडून हमखास येतो, म्हणून त्याचं उत्तर प्रत्येक ठेवीदाराला पाठ हवं. 'तिरुमुरुगन' नावाच्या तमिळनाडूतल्या एका शेतकी सहकारी पतसंस्थेचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं होतं. तिथेही संस्थेचं म्हणणं हेच होतं. डिसेंबर 2003 मध्ये न्यायालयाने सांगितलं की सहकार कायद्यात वेगळी सोय असली म्हणून ग्राहक मंचाचं दार बंद होत नाही. ग्राहक कायदा हा जादा उपाय आहे. जुन्या कायद्याच्या कलम 3 मध्ये ही गोष्ट होती, 2019 च्या नव्या कायद्यात ती कलम 100 मध्ये आहे. जिल्ह्याच्या ग्राहक पंचायतीतल्या एका काकांनी तो निकाल मला दिला होता. मी त्याची प्रत मंचापुढे ठेवली आणि वकिलाचा मुद्दा तिथेच संपला.

डिसेंबर 2009 मध्ये निकाल आमच्या बाजूने लागला. संस्था आणि सगळे संचालक यांनी 'संयुक्तिक आणि वैयक्तिकरीत्या' ऐंशी हजार रुपये नऊ टक्के व्याजाने द्यावेत, वर त्रासाचे दोन हजार आणि खर्चाचे एक हजार. आक्कांनी निकालाची प्रत देवापुढे ठेवली. मला वाटलं, महिनाभरात पैसे येतील.

आज हे दार आमच्या वेळेपेक्षा रुंद झालंय. 20 जुलै 2020 पासून नवा कायदा लागू आहे आणि मंचाला आता आयोग म्हणतात. ठेवलेली रक्कम पन्नास लाखांपर्यंत असेल, तर तक्रार जिल्हा आयोगात चालते. पाच लाखांपर्यंत फी शून्य, पाच ते दहा लाखांना दोनशे रुपये, दहा ते वीस लाखांना चारशे. पूर्वी संस्था जिथे असेल तिथे जावं लागायचं, आता तक्रारदार जिथे राहतो तिथेही तक्रार करता येते. आई-वडिलांची ठेव गावाकडे बुडाली आणि ते मुलाकडे पुण्याला राहायला गेले, तर पुण्याच्या आयोगातही जाता येईल. तक्रार ऑनलाइन भरता येते. समोरच्याने आपलं म्हणणं तीस दिवसांत मांडायचं, फार तर आणखी पंधरा दिवस मिळतात. त्याच्या पलीकडे एक दिवसही नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मार्च 2020 मध्ये स्पष्ट केलं आहे. त्यामुळे 'साहेब, पुढची तारीख' या खेळाला थोडा तरी लगाम बसला.

मुदतीचं मात्र भान हवं. तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षं, ही कायद्याची मर्यादा. ठेव परत मिळेपर्यंत कारण चालूच राहतं, असा युक्तिवाद ठेवीदार करतात आणि अनेकदा तो मान्यही होतो. पण मुद्दाम त्याच्या भरवशावर बसू नये. पावतीची मुदत संपली की लेखी मागणी करा आणि दोन वर्षांच्या आत आयोगात जा.

संचालक निसटतात कसे

महिनाभरात पैसे आले नाहीत. आलं ते अपील. सगळे संचालक औरंगाबादला, राज्य आयोगाच्या खंडपीठाकडे गेले. प्रकरण चालू असतानाच डिसेंबर 2010 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाचा एक निकाल आला. संस्थेचं देणं आहे म्हणून ग्राहक मंचाने संचालकांना थेट वैयक्तिक जबाबदार धरू नये. आधी सहकार कायद्याच्या कलम 88 खाली त्यांची जबाबदारी निश्चित व्हायला हवी, असा त्याचा आशय. पुढच्या वर्षी आमच्या आदेशातून संचालकांची नावं गळाली. राहिली ती फक्त संस्था. बंद शटर, चार टेबलं, एक तिजोरी आणि थकलेली कर्जं.

संचालकांच्या जबाबदारीबद्दल त्यानंतर वेगळे सूरही निघाले आहेत, प्रत्येक प्रकरणाच्या वस्तुस्थितीवर बरंच अवलंबून असतं. म्हणून तक्रारीत संचालकांना पक्षकार करायचंच, पण तेवढ्यावर थांबायचं नाही. नुसतं 'ते संचालक आहेत' असं न लिहिता कुणी कुठलं कर्ज कुणाला दिलं, तारण काय होतं, नातेवाइकांची खाती कुठली, ते मांडायचं.

ही माहिती येते कुठून? लेखापरीक्षण अहवालातून. पतसंस्थेचं दरवर्षी ऑडिट होतं आणि अहवाल निबंधकांकडे जातो. सहकारी संस्था स्वतः माहिती अधिकाराच्या कक्षेत येतेच असं नाही; पण निबंधक येतात आणि त्यांच्याकडे असलेली किंवा कायद्याने ते संस्थेकडून मिळवू शकतात ती माहिती मागता येते. सर्वोच्च न्यायालयाने केरळच्या एका प्रकरणात ऑक्टोबर 2013 मध्ये हे सांगितलं. आमच्या संस्थेचा 2006 चा अहवाल मला अर्जावर मिळाला. त्यात लेखापरीक्षकाने स्वच्छ लिहिलं होतं की एकाच घरातल्या सहा जणांना विनातारण कर्जं दिली आहेत. तो कागद दोन वर्षं निबंधकांच्या कपाटात होता, आणि त्या दोन वर्षांत मी आक्कांकडून आणखी दोन पावत्या केल्या होत्या.

कलम 88 म्हणजे थोडक्यात असं. ऑडिट, चौकशी किंवा अवसायनाच्या कामात गैरव्यवहार दिसला, तर निबंधकांनी नेमलेला अधिकारी संबंधितांवर दोषारोप ठेवतो, त्यांचं ऐकतो आणि कुणी किती रक्कम व्याजासह भरायची ते ठरवतो. चौकशी दोन वर्षांत संपवायची असते, फार तर सहा महिन्यांची मुदतवाढ. आदेशानंतर वसुली जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी करता येते. ऐकायला सोपं आहे. पण ठेवीदाराला इथे फिर्यादी म्हणून जागा नसते, सगळं सरकारी चाकावर चालतं. चाक फिरतं ठेवायला अर्ज, स्मरणपत्र आणि माहितीचा अधिकार, एवढंच आपल्या हातात. आम्ही दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी दहा-बारा जण डीडीआर ऑफिसला जायचो. शिपाई ओळखू लागला होता, चहा सांगायचा.

एक गोष्ट आम्हाला फार उशिरा कळली. चौकशी चालू असताना कुणी मालमत्ता विकून मोकळा होतोय असं दिसलं, तर कलम 95 खाली आदेशाआधीच जप्ती करता येते. आमच्या एका संचालकाने बायपासलगतचे दोन प्लॉट 2010 मध्ये विकले. सातबारा माझ्याच दुकानात झेरॉक्स झाला. मला त्याचा अर्थ कळायला तीन वर्षं लागली.

जप्तीचं दार

महाराष्ट्रात 1999 चा एक कायदा आहे. लांबलचक नाव आहे, सगळे त्याला 'एमपीआयडी' म्हणतात. वित्तीय संस्थांमधल्या ठेवीदारांचं हित जपण्यासाठी तो केला आणि पतसंस्थाही त्यात येतात. ठेव मुदतीत परत न देण्यामागे लबाडी असेल, तर जबाबदार माणसांना सहा वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. पण ठेवीदाराच्या दृष्टीने खरी ताकद पुढे आहे. संस्थेची, आणि ती पुरत नसेल तर प्रवर्तक, संचालक यांचीही मालमत्ता सरकार जप्त करतं, सक्षम प्राधिकारी नेमतं, आणि विशेष न्यायालय त्या मालमत्तेचा लिलाव करून पैसे ठेवीदारांत प्रमाणशीर वाटतं. पैसे दुसऱ्याच्या नावावर सरकवले असतील, तर तिथपर्यंतही हात पोचतो.

आम्ही या दाराकडे फिरकलोच नाही. अध्यक्ष आम्हाला घरी बोलावून म्हणाले होते, "पोलिसात गेलात तर सगळं सील होईल, मग कुणालाच काही मिळणार नाही. वसुली चालू आहे, धीर धरा." शिवाय तो कायदा कोर्टाने उडवलाय, असंही कुणीतरी सांगितलं. त्यात अर्धं खरं होतं. 2005 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने तो घटनाबाह्य ठरवला होता आणि वाद सर्वोच्च न्यायालयात होता. पुढे सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरवला. एप्रिल 2022 मध्ये नॅशनल स्पॉट एक्स्चेंजच्या प्रकरणात तर 'ठेव' या शब्दाचा अर्थही व्यापकपणे लावला. आज हा कायदा भक्कम पायावर उभा आहे. 'सील होईल' ही धमकी नाही, ठेवीदाराला नेमकं तेच हवं असतं. सील झालेला प्लॉट विकता येत नाही.

तक्रार पोलीस ठाण्यात द्यायची, रक्कम मोठी असेल तर ती आर्थिक गुन्हे शाखेकडे जाते. फी काही नाही. एकाने गुन्हा नोंदवला तरी बाकीच्यांनी आपापल्या पावत्यांसह जबाब नोंदवायला हवेत, कारण वाटपाच्या यादीत नाव त्यातूनच येतं. ग्राहक आयोगात तक्रार चालू आहे म्हणून इथे येता येत नाही, असं नाही. एक काम दिवाणी, दुसरं फौजदारी.

अवसायकाच्या टेबलावर

संस्था सावरत नाही असं दिसलं की निबंधक ती अवसायनात काढतात. अवसायक, म्हणजे लिक्विडेटर, येतो. त्याचं काम कर्जं वसूल करायची, मालमत्ता विकायची आणि देणी वाटायची. आमच्याकडे तो 2013 मध्ये आला.

इथे दोन गोष्टी ध्यानात ठेवा. अवसायक वर्तमानपत्रात जाहीर नोटीस देऊन दावे मागवतो. 'माझं नाव वहीत आहेच' म्हणून गप्प बसू नका, त्या मुदतीत आपला दावा पावतीच्या प्रतीसह लेखी द्या आणि पोच घ्या. दुसरं, अवसायनाचा आदेश निघाला की संस्थेविरुद्ध कुठलीही कारवाई चालवायला कलम 107 प्रमाणे निबंधकांची परवानगी लागते. ग्राहक आयोगात तक्रार चालू असेल वा नव्याने करायची असेल, तर परवानगीचा अर्ज लगेच द्या. हा कागद नसल्यामुळे अडकलेल्या तक्रारी मी पाहिल्या आहेत.

आणि पावती विकू नका. आमच्या गावात 2011 पासून दलाल फिरायला लागले. ते शंभराची पावती तीसला मागत. थकबाकीदार कर्जदार अशा पावत्या स्वस्तात गोळा करतो आणि आपल्या कर्जात पूर्ण किमतीला वळत्या करून घेतो. बोलीभाषेत याला 'मॅचिंग' म्हणतात. कर्जदार सुटतो, संस्थेत रोकड येत नाही, आणि ज्याने पावती विकली नाही त्याच्या वाट्याचं तेवढं कमी होतं. जळगावच्या भाईचंद हिराचंद रायसोनी मल्टिस्टेटमध्ये 2015 मध्ये अवसायक नेमला गेला. नोव्हेंबर 2020 मध्ये पुणे पोलिसांनी तिथे छापे घातले, तेव्हा आरोपांत हाही एक होता, आणि पुढच्या वर्षी खुद्द अवसायकालाच अटक झाली. म्हणजे अवसायकाच्या टेबलावरही लक्ष ठेवावं लागतं. लिलाव कधी, किती बोली, कुणाला विकलं, हे विचारत राहायचं.

आदेशाची अंमलबजावणी हे शेवटचं आणि सगळ्यात कंटाळवाणं काम. आमच्या वेळी मंचाच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे वसुली दाखला जायचा. आता कलम 71 प्रमाणे आयोगाचा आदेश दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा बजावता येतो, आणि आदेश न पाळणाऱ्याला कलम 72 खाली एक महिना ते तीन वर्षं कैद किंवा पंचवीस हजार ते एक लाख दंड होऊ शकतो. निकाल लागला म्हणून फाइल बांधून ठेवू नका. खरं काम तिथून सुरू होतं.

फाइलमध्ये काय हवं

माझ्या दुकानात आजही असे लोक येतात. कुणाची पतसंस्था, कुणाची मल्टिस्टेट. पावती काढतात आणि म्हणतात, एक झेरॉक्स द्या. मी सांगतो, एक नाही, चार काढा, आणि मागची बाजूही काढा. नूतनीकरणाचा शिक्का मागेच असतो. मूळ पावती कुणाच्या हातात देऊ नका, अगदी 'व्याज टाकून आणतो' असं म्हणणाऱ्या ओळखीच्या कारकुनाच्याही. पिग्मीचं कार्ड, पासबुक, सभासदत्वाची दहा रुपयांची पावती, सगळं जपा. पैशांची मागणी तोंडी करू नका, पोच मिळेल अशा टपालाने लेखी करा. पत्र 'घेण्यास नकार' शेरा मारून परत आलं, तर पाकीट फोडू नका. आयोगात ते बंद पाकीट बरंच काही सांगतं.

आणि ठेव ठेवण्याआधी आलात तर आणखी बरं. ऑडिटमध्ये कुठला वर्ग आहे, अ की ड, हे विचारा. बँकेपेक्षा दोन-तीन टक्के जास्त व्याज कशातून देणार, हे विचारा. मी एजंट असताना सतरा वर्षांत हा प्रश्न मला एकानेही विचारला नाही. विचारला असता तर मला उत्तर देता आलं नसतं.

कलम 88 खाली अखेर तीन संचालकांवर रकमा बसल्या. त्यांनी अपील केलं, मग फेरतपासणी, मग उच्च न्यायालय. एकाचं घर लिलावात गेलं, दोघांचं काहीच हाती लागलं नाही. अवसायकाने 2016 मध्ये पहिला हप्ता दिला, 2019 मध्ये दुसरा. आक्कांच्या हाती आले एकूण 49 हजार, व्याज शून्य. गेल्या वर्षी त्यांनी गोणपाट सुनेच्या हवाली केलं. ती रोज तीनशे रुपये पोस्टाच्या आवर्ती ठेवीसाठी बाजूला काढते आणि महिन्याला स्वतः पोस्टात जाऊन भरते.

मूळ पावत्यांवरचे 31 हजार अजून यायचे आहेत. फाइल माझ्याकडेच आहे.